85 डॉलर जास्त आणि दरमहा 1,285 डॉलरचा भुर्दंड

पत्र : माझी आई 76 वर्षांची आहे. सांगली जिल्ह्यात ती जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका होती. स्वेच्छानिवृत्ती घेऊन ती वडिलांबरोबर कॅलिफोर्नियात आली आणि पुढे इथली नागरिक झाली. वडील गेल्यापासून तिला त्यांच्या नोंदीवर सोशल सिक्युरिटीचे (इथल्या सरकारी निवृत्तिवेतनाचे) दरमहा 1,840 डॉलर मिळतात. शिवाय तिची पेन्शन, साधारण 22,000 रुपये, सांगलीच्या बँकेत जमा होते. पार्किन्सन्स आणि संधिवातामुळे तिला आंघोळीपासून जेवणापर्यंत हाताशी माणूस लागतो. मेडि-कॅलमधून (कमी उत्पन्नाच्या लोकांसाठीची कॅलिफोर्नियाची सरकारी आरोग्ययोजना) तिला आयएचएसएसचे, म्हणजे घरी देखभाल करणाऱ्या माणसाला पगार देणाऱ्या योजनेचे, महिना 110 तास मंजूर आहेत. ती आमच्याच घरी राहते आणि मी नोकरी सोडून तिची प्रोव्हायडर, म्हणजे या योजनेतून पगार घेऊन देखभाल करणारी, झाले आहे. या वर्षी नूतनीकरणाच्या फॉर्ममध्ये परदेशातल्या उत्पन्नाचा रकाना दिसला, म्हणून पेन्शन लिहिली. ऑक्टोबरात नोटीस आली की 1 नोव्हेंबरपासून आईचा 'शेअर ऑफ कॉस्ट' (खर्चातला तिचा वाटा) महिना 1,285 डॉलर आहे. आता माझ्या पगारातून तेवढे कापले गेले आणि ते मी आईकडून घ्यायचे म्हणे! आई म्हणते, घे, मला काय लागतं? ओळखीतले म्हणतात की पेन्शन लिहायचीच नव्हती, आता निदान हयातीचा दाखला पाठवू नका, ती आपोआप बंद पडेल. मी काय करू?

— एक मुलगी, बे एरिया

उत्तर :

तुम्ही पेन्शन लिहिलीत हे योग्यच केलेत, आणि ओळखीतल्यांचा दुसरा सल्लाही मानू नका. तो का मानायचा नाही, ते पुढे सांगते. त्याआधी नोटिशीतला 1,285 हा आकडा थोडा बाजूला ठेवा, कारण तुमची खरी लढाई त्याच्याशी नसून 85 डॉलरशी आहे. हा हिशेब एकदा नीट समजला की पुढची बरीचशी वाट आपोआप दिसू लागेल.

कॅलिफोर्नियात 65 वर्षांवरच्या किंवा अपंग व्यक्तीला पूर्णपणे मोफत मेडि-कॅल मिळण्यासाठी तिचे मोजले जाणारे मासिक उत्पन्न केंद्र सरकारच्या दारिद्र्यरेषेच्या 138 टक्क्यांपर्यंत असावे लागते. 2025 च्या आकड्यांनुसार एकट्या व्यक्तीसाठी ही मर्यादा महिना सुमारे 1,800 डॉलर होती. तुमच्या आईंची सोशल सिक्युरिटी 1,840 आणि पेन्शनचे 2025 अखेरच्या दराने सुमारे 250, असे 2,090 डॉलर होतात. त्यातून प्रत्येकाला मिळणारी 20 डॉलरची सरसकट सूट जाते. मेडिकेअरच्या (65 वर्षांवरच्यांच्या केंद्रीय आरोग्यविम्याच्या) पार्ट बीचा, म्हणजे डॉक्टरांच्या खर्चाच्या भागाचा, 185 डॉलरचा (2025 चा) हप्ता आता त्यांच्या सोशल सिक्युरिटीतून कापला जात असणार, तोही वजा होतो. राहिले 1,885, म्हणजे मर्यादेच्या वर फक्त 85 डॉलर.

कोणत्याही समंजस माणसाला वाटेल की 85 डॉलर जास्त आहेत तर आईंनी दरमहा 85 डॉलर भरावेत आणि विषय संपावा. नियम तसा नाही. मर्यादा ओलांडली की माणूस त्या गटातून बाहेर पडून दुसऱ्या गटात जातो, आणि तिथे मोजदाद 1,800 पासून सुरू न होता 600 पासून सुरू होते. एकट्या माणसाला जगायला महिना 600 डॉलर पुरतात असे गृहीत धरून त्यावरचे सगळे उत्पन्न म्हणजे उपचार आणि देखभालीच्या खर्चातला त्याचा वाटा, असा हा हिशेब आहे. म्हणून 1,885 वजा 600 म्हणजे 1,285. जोडप्यासाठी ही रक्कम 934 डॉलर आहे. हा 600 चा आकडा 1989 पासून हललेला नाही. तो दारिद्र्यरेषेच्या 138 टक्क्यांपर्यंत वाढवण्याची तरतूद राज्याने मध्यंतरी केली होती, पण अर्थसंकल्पात तिच्यासाठी पैसाच ठेवला गेला नाही. ज्या भागात एका खोलीचे भाडे याच्या दुपटीहून जास्त आहे, तिथे हा आकडा कागदावर वाचतानासुद्धा चीड येते, आणि ती लपवण्याचे मला काही कारण दिसत नाही.

आता तुमच्या पगाराविषयी. आयएचएसएसमध्ये खर्चातला वाटा काउंटी कधीच आईंकडून थेट वसूल करत नाही. तुम्ही टाइमशीट भरलीत की पगाराची संगणक प्रणाली मेडि-कॅलच्या नोंदीत पाहते की या महिन्याचा वाटा अजून किती बाकी आहे. जेवढा बाकी असेल तेवढा ती तुमच्या पगारातून वजा करते, आणि ती रक्कम प्रोव्हायडरला देण्याची जबाबदारी सेवा घेणाऱ्याची असते. तसे कळवणारे पत्र आईंच्या नावाने येते. ते तुमच्या घरी कदाचित फाईलमध्ये पडले असेल. हा वाटा फक्त तुमच्याच पगारातून जातो असेही नाही. त्याच महिन्यात आधी औषधाच्या दुकानात किंवा डॉक्टरकडे मेडि-कॅलच्या कार्डावर काही घेतले आणि त्याचे पैसे आईंनी स्वतः भरले, तर तेवढा वाटा तिथे भागतो आणि तुमच्या पगारातली कपात तितकी कमी होते. वाटा संपला की उरलेल्या महिन्याचा खर्च मेडि-कॅल उचलते.

तेव्हा आईंनी तुम्हाला 1,285 डॉलर द्यायचे की नाही, हा कायद्याच्या दृष्टीने आई आणि तुम्ही यांच्यातला व्यवहार आहे. तुम्ही पैसे घेतले नाहीत तर काउंटी ते वसूल करायला येणार नाही, पण कापलेला पगारही कोणी भरून देणार नाही. प्रश्न सुटेपर्यंत आई जे देऊ शकतील ते बँकेतून रीतसर तुमच्या खात्यात येऊ द्या. न मिळालेले पैसे मिळाले असे मात्र कुठेही लिहून देऊ नका. आईंच्या 'मला काय लागतं' या वाक्यावर भिस्त ठेवून घर चालवू नये, असेही मी आवर्जून सांगेन. पार्ट बीचा हप्ता भरून आणि तुम्हाला 1,285 देऊन त्यांच्या हाती 600 च्या आसपासच रक्कम उरणार, आणि त्यात त्यांचे सगळे खर्च बसवायचे म्हणजे उद्या औषधाची चिठ्ठी आली की त्या ती उशीखाली लपवतील.

आता उपायाकडे येते. मोजले जाणारे उत्पन्न ठरवताना आरोग्यविम्याचे हप्ते वजा होतात, हे तुम्ही पार्ट बीच्या बाबतीत पाहिलेच. हा नियम पार्ट बीपुरता नाही. दातांचा विमा, डोळ्यांचा विमा, आरोग्याशी संबंधित इतर पूरक विमा, यांचे हप्तेही तसेच वजा होतात. आईंनी स्वतःच्या नावावर महिना 85 डॉलरहून थोडा अधिक हप्ता असलेला दातांचा आणि डोळ्यांचा विमा घेतला, तर त्यांचे उत्पन्न 1,800 च्या खाली येते आणि त्या मोफत मेडि-कॅलच्या गटात परत जातात. हे अंशतः होत नाही; वाटा 1,285 वरून थेट शून्यावर येतो. ही पळवाट आहे का, असा प्रश्न तुमच्या मनात येईल. नाही, हप्त्याची वजावट नियमातच आहे, आणि अपंगांच्या हक्कांसाठी काम करणाऱ्या वकील-संस्था कॅलिफोर्नियात अनेक वर्षे उघडपणे हाच सल्ला देत आल्या आहेत.

हप्ता नेमका 85 डॉलरचा शोधू नका. आईंच्या उत्पन्नाचा एक भाग रुपयांत येतो. महागाई भत्ता वाढतो, डॉलरचा दर खालीवर होतो आणि रुपया थोडा वधारला तरी त्यांचे डॉलरमधले उत्पन्न पाच-दहा डॉलरने वाढते. म्हणून 100 ते 110 डॉलरच्या आसपासचा हप्ता धरा, म्हणजे मध्ये हवा राहील. दुसरी खबरदारी म्हणजे मेडिकेअरला पूरक असा मेडिगॅप विमा यासाठी घ्यायला जाऊ नका; मोफत मेडि-कॅल असलेल्या व्यक्तीला तो विकण्यावर बंधने आहेत आणि त्यात उगाच गुंता होईल. हप्ता आईंच्या खात्यातूनच भरा. भरल्याची पावती आणि पॉलिसीचे पहिले पान काउंटीतल्या मेडि-कॅलच्या कर्मचाऱ्याकडे लेखी अर्जासह द्या आणि 'या महिन्यापासून आरोग्यविम्याचा हप्ता वजा करून उत्पन्न पुन्हा मोजावे' असे स्पष्ट लिहा. आयएचएसएसच्या सोशल वर्करकडे हे काम नसते, ती तास ठरवते. तिला सांगून उपयोग होणार नाही. अर्ज दिल्याचा शिक्का मारलेली प्रत ठेवा.

इथे तुम्हाला एक शंका येईल. आई पुन्हा मोफत गटात गेल्या की पार्ट बीचा 185 डॉलरचा हप्ता राज्य सरकार भरू लागेल. मग तो हप्ता आई स्वतः भरत नसल्याने वजा होणार नाही, उत्पन्न पुन्हा मर्यादेच्या वर जाईल आणि पुन्हा नोटीस येईल. पूर्वी खरोखरच असे होत असे. माणसे एक महिना आत आणि एक महिना बाहेर, अशी झोके घेत राहायची. 2019 साली राज्याने कायदा करून हे थांबवले. केवळ राज्य सरकार पार्ट बीचा हप्ता भरते एवढ्या कारणाने कोणाचा मोफत मेडि-कॅलचा हक्क जाऊ नये, अशी तरतूद त्यात आहे. तरीही काही महिन्यांनी तुमच्या हाती अशी नोटीस आलीच, तर ती चूक समजा आणि हाच मुद्दा लिहून लगेच हरकत घ्या.

विम्याचा मार्ग काही कारणाने जमला नाही तर दुसराही आहे. अपंग व्यक्ती थोडेसे का होईना काम करून पैसे मिळवत असेल, तर तिच्यासाठी मेडि-कॅलचा वेगळा कार्यक्रम आहे आणि त्यात उत्पन्नाची मर्यादा दारिद्र्यरेषेच्या 250 टक्के, म्हणजे 2025 मध्ये एकट्यासाठी महिना सुमारे 3,260 डॉलर आहे. त्यात पूर्वी थोडा हप्ता भरावा लागे. जुलै 2022 पासून तो शून्य आहे. कामाचे किमान तास ठरलेले नाहीत. निवृत्त शिक्षिकेने आठवड्यातून एकदा शेजारच्या मुलाला बसल्या जागी मराठी वाचायला शिकवले आणि त्याचे रीतसर पैसे घेतले, तर तेही काम आहे. मात्र वयाच्या 76 व्या वर्षी आईंना 'अपंग' म्हणून राज्याकडून वेगळे ठरवून घ्यावे लागेल, त्याला डॉक्टरांची कागदपत्रे आणि काही महिने लागतील. म्हणून मी तो पहिला सुचवलेला नाही.

घरात आईंच्या नावावर थकलेले वैद्यकीय बिल असेल, उदाहरणार्थ न भरलेले अँब्युलन्सचे किंवा इस्पितळाचे, तर ते फेकून देऊ नका. हंट विरुद्ध किझर या खटल्यानंतर न भरलेली जुनी बिले पुढच्या महिन्यांच्या वाट्यात धरता येतात. नोव्हेंबरचा वाटा तुमच्या पगारातून गेलाच आहे, पण डिसेंबरचा अशा बिलावर भागवता येईल. भरलेले बिल यात चालत नाही.

आता पेन्शन. ती सांगलीच्या बँकेतच राहते, तुम्ही ती इकडे आणत नाही, म्हणून ती इथले उत्पन्न नाही असे अनेकांना प्रामाणिकपणे वाटते. मेडि-कॅलच्या दृष्टीने पैसा कुठे पडतो याला महत्त्व नाही; तो आईंचा आहे आणि त्या तो वापरू शकतात, एवढे पुरेसे आहे. हयातीचा दाखला न पाठवून पेन्शन बंद पाडण्याची कल्पना तर उलट अंगावर येईल. सहज मिळू शकणारे उत्पन्न मिळवण्यासाठी अर्जदाराने प्रयत्न केले पाहिजेत, असा मेडि-कॅलचा स्वतंत्र नियम आहे. हक्काचे उत्पन्न मुद्दाम थांबवले तर पात्रताच अडचणीत येते. तुमच्याकडे नोव्हेंबर चालू आहे, तेव्हा दाखला वेळेत पाठवून द्या. एवढे करून ती पेन्शन महिना 22,000 रुपये आहे. 100 डॉलरचा विम्याचा हप्ता भरूनही त्यातले निम्म्याहून अधिक पैसे आईंकडेच राहतात.

पेन्शन मागच्या वर्षांच्या फॉर्ममध्ये लिहिली गेली नाही, हा मुद्दा उरतो. काउंटीने त्याबद्दल विचारणा केली, मागील महिन्यांचा वाटा परत मागितला, तर घाईने कशावरही सही करू नका आणि फोनवर खुलासे देत बसू नका. मोफत कायदेविषयक मदत देणाऱ्या संस्थेकडे ते पत्र घेऊन जा. फॉर्ममध्ये तुम्ही स्वतःहून माहिती दिलीत, ही गोष्ट तुमच्या बाजूने आहे.

मालमत्तेबद्दल तुम्ही विचारलेले नाही, पण पेन्शनची रक्कम तिथेच साठत असेल तर आईंच्या नावावर सांगलीत काही ठेव आणि कदाचित बंद घरही असेल, म्हणून थोडक्यात सांगते. जानेवारी 2024 पासून कॅलिफोर्नियात मालमत्ता पाहणे बंद होते. 1 जानेवारी 2026 पासून ते पुन्हा सुरू झाले. एकट्या व्यक्तीला 1,30,000 डॉलरपर्यंतची मालमत्ता चालते. राहते घर आणि एक गाडी त्यात मोजत नाहीत, पण भारतातली एफडी, बचत खाते आणि राहत नसलेला फ्लॅट मोजला जातो. पासबुकांच्या अद्ययावत नोंदी आणि फ्लॅटची अंदाजे किंमत आताच काढून ठेवा. फ्लॅट भाड्याने दिला असेल तर ते भाडेही उत्पन्नात येते, आणि मग वरचा सगळा हिशेब पुन्हा मांडावा लागेल.

नोटिशीविरुद्ध सुनावणी मागण्याची मुदत नोटिशीपासून 90 दिवस आहे. ती ऑक्टोबरात आली असेल तर जानेवारीपर्यंत. विम्याची पावती देऊन काउंटीने हिशेब दुरुस्त केला तर सुनावणीची गरज पडणार नाही, तरीही अर्ज देऊन ठेवा. तो मागे घेता येतो, पण मुदत गेल्यावर देता येत नाही. सुनावणीत मराठी दुभाषी मोफत मिळतो, तो अर्जातच मागा. या सदराच्या इतर वाचकांसाठी एक सांगते : अशी नोटीस हातात पडल्यावर बदल लागू होण्याच्या तारखेच्या आत सुनावणी मागितली, तर निकाल लागेपर्यंत जुनी व्यवस्था तशीच चालू ठेवता येते. तुमच्याबाबत ती तारीख, 1 नोव्हेंबर, उलटून गेली आहे. अर्ज करण्यापूर्वी मेडिकेअर घेणाऱ्यांना मोफत सल्ला देणाऱ्या हायकॅपच्या समुपदेशकाकडून आकडे एकदा तपासून घ्या, कारण दरवर्षी जानेवारीत सोशल सिक्युरिटी आणि पार्ट बीचा हप्ता बदलतो, त्यानंतर दारिद्र्यरेषेचे नवे आकडे लागू होतात आणि तुमचे 85 डॉलर तेव्हा कदाचित 60 किंवा 110 झालेले असतील.

जाता जाता तुमच्या स्वतःच्या पैशांबद्दल. आई तुमच्याच घरी राहत असल्यामुळे, अमेरिकेच्या आयकर विभागाच्या (आयआरएसच्या) 2014 सालच्या नोटिशीनुसार आयएचएसएसमधून तुम्हाला मिळणारा पगार केंद्रीय आयकरातून वगळता येतो. त्यासाठी एसओसी 2298 हा फॉर्म एकदाच भरायचा असतो. तो भरलेला नसेल, तर काउंटीकडे जाणाऱ्या कागदांबरोबरच त्याचीही चौकशी करा.